फुफीच्या कुंपणावरची तोंडली

माझे मिस्टर शिंपी. पौडच्या बाजारात त्यांचं दुकान आहे. त्यांच्या कापडाच्या कात्रीला मी लग्नानंतरच्या एवढ्या वर्षांत मोजून तीनदा हात लावला. पहिल्यांदा भांडण झालं, दुसऱ्यांदा चोरी झाली, आणि तिसऱ्यांदा जे झालं ते अजून पुरतं मिटलेलं नाही. संपादकांनी ‘तुमच्या व्यवसायातले अनुभव लिहा’ म्हणून कळवलं, तेव्हा मला आधी ती कात्रीच आठवली. माझ्या कामाला व्यवसाय म्हणणारे हे संपादक पहिलेच. आमच्या घरात त्याला ‘शमीमच्या काड्या’ म्हणतात.

तर काड्यांबद्दल थोडं सांगते. मी भाजीची रोपं तयार करते, पण बी पेरून नाही. चांगल्या झाडाच्या फांदीचा वीतभर तुकडा कापायचा, मातीत खोचायचा आणि त्याला मुळं फुटायची वाट बघायची. पुदिना असा होतो, मायाळू होतो, रताळ्याचा वेल होतो, शेवगा होतो. टोमॅटोच्या बगलेत जे फुटवे येतात आणि लोक खुडून फेकून देतात, त्यांचीही झाडं होतात. आणि तोंडली होते. तोंडलीशी माझा जुना हिशेब आहे, त्यावर येतेच.

यात कसब एवढंच, की काडीला डोळे असतात. पान जिथून निघतं ती गाठ म्हणजे डोळा. डोळ्याच्या बरोबर खाली कापायचं, खालची पानं काढायची, दोन डोळे मातीत आणि दोन वर ठेवायचे. काडी फार कोवळी नको, ती कुजते. फार जून नको, ती नुसती उभी राहते. मग कुंडी सावलीत ठेवायची, ओल राखायची आणि तिच्याकडे दुर्लक्ष करायचं. या शेवटच्या पायरीला माणसं नापास होतात.

हिंजवडीकडचे एक गृहस्थ माझ्याकडून टोमॅटोच्या सहा काड्या घेऊन गेले. आठवड्याने तक्रार घेऊन आले. “ताई, एकालाही मुळं नाहीत.”

“तुम्हाला कसं कळलं?”

“रोज सकाळी उपटून बघतो ना.”

मी म्हटलं, “साहेब, तुमचं पांघरूण रोज रात्री कुणी तासातासाला ओढून ‘झोप लागली का’ असं विचारलं, तर लागेल का?” ते विचार करत गेले. पुढच्या वेळी पेढे घेऊन आले आणि सांगितलं की आता ते फक्त रविवारी उपटतात.

घोटावड्याच्या एका काकांनी शेवग्याची चांगली हातभर फांदी उलटी लावली. शेंडा मातीत, बूड आकाशात. दीड महिना निष्ठेने पाणी घातलं. तेव्हापासून मी प्रत्येक काडीचं बूड सरळ कापते आणि शेंडा तिरका, आणि देताना सांगते, “तिरकं तोंड वर.” तरी एका बाईंनी काडीच तिरकी लावली.

हे झालं घेणाऱ्यांचं. आता माझं. धंद्याच्या पहिल्याच वर्षी घाईत मिस्टरांची कात्री घेऊन मी टोमॅटोचे फुटवे कापले. संध्याकाळी त्यांनी पात्याला बोट लावलं, हिरवा डाग बघितला आणि खुर्चीत बसले.

“ह्या कात्रीला मी कागदसुद्धा लावत नाही,” ते म्हणाले. “आणि तू टोमॅटो?”

दोन दिवस ते माझ्याशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी पिरंगुटहून माझ्यासाठी सिकेटर, म्हणजे छाटणीची छोटी कात्री, घेऊन आले. न मागता आणलेली ती त्यांची पहिली भेट. कारण प्रेम नव्हतं, कात्री होती. पण मी ते प्रेमातच धरलं आहे.

आता त्या समजुतीकडे येते, जिच्यामुळे हे सगळं घडलं. आमच्याकडे बायकांचा पक्का विश्वास आहे, की मागून घेतलेली काडी लागत नाही. मालकाच्या नकळत नेलेली मात्र हमखास रुजते. माझ्यासारखीची यात पंचाईत होते, कारण गिऱ्हाईक दोन रोपं विकत घेतं आणि जाताना पुदिन्याचा एक शेंडा पर्समध्ये टाकतं. विकत घेतलेलं मरतं, चोरलेलं फोफावतं, आणि समजूत आणखी पक्की होते. मी ‘कृपया काड्या तोडू नयेत’ अशी पाटी लावली. मिस्टरांनी निरीक्षण नोंदवलं, की सगळ्यात जास्त काड्या पाटीच्या खालच्या वाफ्यातून जातात.

माझं माहेर पुण्यातलं. अब्बा शाळेत ग्रंथपाल होते. दुसऱ्याच्या वस्तूला विचारल्याशिवाय हात लावायचा नाही आणि घेतलेली वस्तू वेळेत परत करायची, हे आम्ही दुधाबरोबर प्यायलो. त्यामुळे या समजुतीला मी हसायचे आणि शिकायला येणाऱ्या बायकांना कारणासकट सांगायचे. चोर घाईत असतो, म्हणून हाताशी येईल ती भरलेली, तयार काडी तोडतो. कुणी बघायच्या आत घरी जाऊन लावतो. विकत घेणारा शेंड्याची सुंदर काडी निवडतो आणि दोन दिवस गाडीच्या डिकीत विसरतो. यात जादू काही नाही. बायका मान डोलवायच्या, आणि निघताना पुदिना तोडायच्या.

माले गावात माझ्या मिस्टरांची आत्या राहते. सगळे तिला फुफी म्हणतात, नात्यात नसलेलेसुद्धा. सत्तरी ओलांडलेली, काटक. लेक कारखान्यात कामाला, त्यामुळे दिवसभर घरात ती आणि एक शेळी. अंगणात मांडव, मांडवावर तोंडलीचा वेल. त्या वेलाची तोंडली बोटाएवढी, आतून पांढरी, कोवळी. कच्ची खाल्ली तर काकडी लाजेल. त्या तोंडलीत कधी बी टणक झालं नाही, कधी कडू निघाली नाही. सासरी आले त्या पहिल्या ईदला ती भाजी मी खाल्ली, आणि पुढे काड्यांचं काम सुरू केलं तेव्हा ठरवलं की या वेलाची काडी आपल्याकडे हवीच.

मी नऊ वर्षं काडी मागितली. दर वर्षी दोनदा तरी. संवाद ठरलेला.

“फुफी, तोंडलीची एक काडी द्या ना.”

“काडी न्हाई देत मी,” फुफी म्हणायची. मग पदराला हात पुसत उठायची. “बस तू. चा टाकते. दूध न्हाई घरात, खालच्या आळीतनं आनावं लागंल. येळ लागंल बग.”

आणि जायची. मी मांडवाखाली बसून राहायचे. पाऊण तास, कधी तास. मांडवाच्या कट्ट्यावर विळा पडलेला असायचा. शेळी माझ्याकडे बघायची, मी शेळीकडे. फुफी परत यायची, आधी माझ्या पिशवीकडे बघायची, मग माझ्या तोंडाकडे, आणि चहा आदळायची. चहा कडक असायचा आणि फुफी त्याहून.

एकदा तर मी तो विळा उचलून आत नेऊन दिला. म्हटलं, “फुफी, तुमचा विळा बाहेर राहिला होता. कुणी नेला असता.” फुफीने माझ्याकडे असं बघितलं, की मला वाटलं विळा पुसून द्यायला हवा होता.

घरी येऊन मी मिस्टरांना म्हणायचे, “तुमची फुफी म्हणजे चिक्कूपणाचा कळस आहे. एक काडी देववत नाही.” मिस्टर मशीन चालवत म्हणायचे, “हं.” शिंप्याच्या ‘हं’चा अर्थ काहीही होतो. तोंडात टाचण्या असतात.

मग मंजिरी मॅडम आल्या. घोटावड्याच्या बाजूला डोंगराकडे तोंड करून एक नवी सोसायटी झाली आहे, त्यांच्या बागसमितीच्या त्या प्रमुख. माझ्याकडून पुदिना-मायाळू न्यायच्या, काड्या कशा लावायच्या ते शिकवायला मला सोसायटीत बोलवायच्या. माझं निम्मं काम त्यांच्यामुळे चालतं. एका दुपारी आमच्याकडे जेवल्या. फुफीने पाठवलेली तोंडली होती. पहिला घास घेऊन मॅडम थांबल्या.

“शमीमताई, हे काय आहे?”

“तोंडलं.”

“नाही नाही, तोंडलं मी ओळखते. हे काहीतरी प्रीमियम आहे.” आणि तिथेच त्यांनी ठरवलं, की चाळीस घरांच्या चाळीस बाल्कन्यांच्या ग्रिलवर हाच वेल चढवायचा. सोसायटीचा वर्धापनदिन मेअखेरीस. त्या दिवशी प्रत्येक घराने आपापल्या ग्रिलची तोंडली आणायची आणि सगळ्यांचा मिळून मसालेभात. “जमेल ना? याच वेलाची हवी हं.”

आता शहाण्या बाईने काय म्हणावं? “विचारून सांगते.” मी म्हणाले, “जमेल की.”

जानेवारीअखेर मी माल्याला गेले, फुफीला शिवलेला ब्लाउज पोचवायच्या निमित्ताने. काडी मागितली. “काडी न्हाई देत मी,” चहा, दूध, खालची आळी. तासभर शेळी. मी उठले, कडक चहा प्यायले, निरोप घेतला आणि रस्त्याला लागले. आणि कुंपणाच्या बाहेरच्या बाजूला माझी पावलं थांबली.

आता कबुली द्यायची तर पुरती देते. पावलं आपोआप थांबली नव्हती. पिशवीत मिस्टरांची कात्री होती. सिकेटर मी मुद्दाम घरी ठेवला होता. सिकेटर घेऊन जाणं म्हणजे ठरवून केलेली चोरी झाली असती. कापडाची कात्री सापडलीच, तर सांगता येतं की शिंप्याच्या बायकोकडे ती असायचीच. ग्रंथपालाची मुलगी चोरीला निघते तेव्हा एवढी तयारी करते.

दुपारचे दोन. रस्त्याला चिटपाखरू नाही. कुंपणावर तोंडली अशी माजली होती की खालचे दगड दिसत नव्हते. मांडवावरच्या वेलापेक्षा दुप्पट जोमदार, दांडा करंगळीएवढा, पान हिरवंगार. मला वाटलं, मांडवावरचाच वेल इकडे उतरला आहे, आणि हा तर त्याचा सगळ्यात कसदार भाग. मी त्रेचाळीस काड्या कापल्या. तीन वरच्या, मेल्या तर बदलायला. चोरीतही मी पद्धत सोडली नाही. आतून शेळी ओरडली तेव्हा मी इतकी दचकले, की एक काडी उलटीच कापली गेली.

परतीच्या जीपमध्ये शेजारच्या आजोबांनी ओढणीखालचा जुडगा बघितला. “कशाच्या काड्या म्हनायच्या ह्या?”

“औषधाच्या,” मी म्हणाले.

“कशावर चालतंय?”

“गुडघ्यावर.”

“मंग दोन द्या की हिकडं.” दोन द्याव्या लागल्या. पुढे ते मला पौडच्या स्टँडवर भेटले आणि गुडघा बराच हलका झाल्याचं त्यांनी सांगितलं. मी कुठल्या तोंडाने काही बोलणार?

उरलेल्या एकेचाळीस. त्या सगळ्या रुजल्या. एकही मेली नाही, उलटी कापलेलीसुद्धा. माझ्या उभ्या धंद्यात असं कधी झालेलं नव्हतं. शास्त्र सांगणाऱ्या बाईने त्या दिवशी वाफ्याकडे बघत दोन मिनिटं मान खाली घातली. फेब्रुवारीअखेर चाळीस रोपं सोसायटीत गेली, एक मी घरी लावलं.

वेल बघता बघता ग्रिलवर चढले. मंजिरी मॅडम रोज फोटो पाठवायच्या. एप्रिलात पांढरी फुलं आली. केवढी फुलं! चाळीस बाल्कन्यांमधून पांढरी नक्षी. लोक येऊन सेल्फी काढायचे. मी लिहायचे, ‘आता लवकरच.’ मे उजाडला. फुलं गळायची, नवी यायची. तोंडलं एकही नाही. मी लिहायचे, ‘उन्हाचा ताण आहे.’ मग लिहिलं, ‘पाणी कमी करा.’ मग लिहिलं, ‘पाणी वाढवा.’

मेच्या चौथ्या आठवड्यात एका सकाळी मी आमच्या घरच्या वेलाचं फूल हातात घेतलं आणि उलटं करून बघितलं. आणि तिथेच वाफ्याच्या कडेला बसले.

ही गोष्ट मी शिकायला येणाऱ्या प्रत्येकीला पहिल्या दिवशी सांगते. तोंडलीत नर वेल वेगळा असतो आणि मादी वेगळा. मादीच्या फुलामागे देठाशी एक इवलंसं तोंडलं आधीपासूनच असतं. नराच्या फुलामागे नुसता देठ. आणि काडी ही ज्या वेलाची, अगदी तशीच निघते. त्यात बदल नाही. नराची काडी म्हणजे नरच, शंभर लावा.

माझ्या हातातल्या फुलामागे नुसता देठ होता. म्हणजे कुंपणावरचा तो वेल मांडवावरून उतरलेला नव्हताच, पाखराने टाकलेल्या बीतून उगवलेला वेगळाच नर होता. मी सोसायटीत चाळीस नवरे नेऊन दिले होते. दिसायला देखणे, जागा भरपूर व्यापणारे, आणि स्वयंपाकघरात उपयोग शून्य.

हे मी मंजिरी मॅडमना सांगितलं तेव्हा आधी त्या खूप हसल्या. मग हसायच्या थांबल्या. वर्धापनदिन चार दिवसांवर होता. त्या दिवशी मसालेभात झाला, मंडईतल्या तोंडल्यांचा, आणि चाळीस घरांनी तो फुलांनी लगडलेल्या वेलांखाली बसून खाल्ला. एक आजोबा खवचटपणे म्हणाले, “शमीमताईंचा वेल आमच्या सेक्रेटरीसारखा आहे. फुलतो फार.” मी शेवटच्या रांगेत बसले होते. 

जेवणं झाल्यावर मॅडम मला बाजूला घेऊन म्हणाल्या, “ताई, मी तुमच्यासाठी कमिटीशी भांडले, पण आता माझंही कोणी ऐकत नाहीये. मेंबर्स म्हणतायत, वेल काढून प्लॅस्टिकचे लावू. मेन्टेनन्स नाही, कीड नाही. पंधरा जूनला कॉन्ट्रॅक्टर येतोय. त्याच्या आधी तुम्ही खरे वेल दिलेत, तर मी थांबवते. आणि तेच हवेत हं, त्या दिवशी जेवलो तेच. नाहीतर पुढचे क्लासेसही मला कठीण आहेत.”

प्लॅस्टिकचे वेल. मला अपमान करून घ्यायची सवय आहे, मी सासरी राहते. पण माझ्या हातची रोपं उपटून तिथे प्लॅस्टिक लावणार, हे मला सोसेना. दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीने माल्याला गेले. या वेळी कात्री नाही, निमित्त नाही. थेट मांडवाखाली जाऊन उभी राहिले.

“फुफी, मी चोरी केली.”

फुफी लसूण सोलत होती. मान वर केली नाही. “कुंपनावरचा न्हेलास न्हवं?”

“तुम्हाला माहीत होतं?”

“आगं, शेळी वरडली म्हनून मी भितीआडनं बघत हुते. कापडाची कातर घिऊन तोंडली कापतीया! मला हसू आवरंना. मनात म्हनलं, चला, नऊ वरसांनी का हुईना, पोरीला अक्कल आली.”

“मग ओरडला का नाहीत? तो नर होता फुफी! पाखरानं बी टाकून उगवलेला! माझं तोंड काळं झालं तिकडे!”

“चोराला कुनी हाका मारतं व्हय, की आगं ह्यो नको, त्यो ने म्हनून?” फुफीने आता माझ्याकडे बघितलं. “आन मला काय ठावं, तुला फूल बघता येत न्हाई. तू म्हनं कलासा घेतीस.”

 मी सोसायटी, मसालेभात, प्लॅस्टिक, पंधरा जून, सगळं सांगितलं. शेवटी म्हटलं, “आता तरी द्या फुफी. हात जोडते.”

“काडी न्हाई देत मी.”

मला रडूच आलं. “एवढं काय वाईट केलंय मी तुमचं? नऊ वर्षं मागतेय!”

“त्येच की!” फुफीने लसूण ताटलीत आपटला. “नऊ वरसं मागतीयास! आगं, दिलेली काडी लागत न्हाई. माज्या सासूनं हातानं काडी दिली एकीला. तिची तर लागली न्हाईच, आमचा मांडवबी वाळला. म्हनून मी न्हाई देत. कुनालाच न्हाई. पर तू आलीस की मी काय करते? उटते. चा टाकते म्हनते. दूध आनाया जाते. आगं, दारात शेळी हाय माजी! मला दूध आनाया खालच्या आळीत कशाला जावं लागतंय?”

मी शेळीकडे बघितलं. नऊ वर्षं ती माझ्यासमोर बांधलेली होती.

“विळा कट्ट्यावर ठिवते,” फुफी म्हणाली. “धार लावून ठिवते. खालच्या आळीत जाऊन तासभर दुसऱ्याच्या दारात बसते. परत येते तर तू तशीच, मांडी घालून. येकदा तर विळा आनून माज्या हातात दिलास!”

“मला वाटलं तुम्ही विसरलात.”

“आन मला वाटलं,” फुफीने लसणाची पाकळी उचलली. “मला वाटलं, पुन्याची शिकल्याली पोरगी. आमच्यासारक्यांचा वेल तिला कशाला पायजेल. मागायचं म्हनून मागती, न्हेत न्हाई.”

नऊ वर्षं मी तिला चिक्कू म्हटलं, आणि तितकीच वर्षं ती मला शिष्ट समजत राहिली. दर खेपेला ती देत होती आणि मी दर खेपेला तिचं देणं परत करत होते, पुस्तक परत करावं तसं, वेळेत.  मी म्हटलं, “मग आता?”

फुफी उठली. पदराला हात पुसले. कोनाड्यातून विळा काढला, बोटावर धार बघितली आणि कट्ट्यावर ठेवला, मूठ माझ्याकडे करून.

“बस तू. चा टाकते,” ती म्हणाली. “दूध न्हाई घरात.”

शेळी ओरडली.

“तू गप,” फुफी तिला म्हणाली आणि गेली.

सांगते, मालकाच्या संमतीने चोरी करण्याइतकं अवघड काम नाही.  पहिली काडी कापली आणि सवयीने इकडेतिकडे बघितलं. तेवढ्यात भिंतीपलीकडून आवाज आला, “जून बघून घे गं! शेंड्याची न्हाई लागायची!”

मी दचकून म्हटलं, “फुफी, तुम्ही खालच्या आळीत गेला होता ना?”

“गेलेच हाय मी! मी काय बघंना!” थोड्या वेळाने पुन्हा, “त्या पलीकडच्या फांदीला हात लावू नगंस, ती ह्या पावसात धरनार हाय!”

मी फुलं उलटी करून बघितली. प्रत्येकामागे इवलं तोंडलं. पंचेचाळीस काड्या कापल्या, पिशवी भरली, विळा पुसून जागेवर ठेवला आणि मांडी घालून बसले. फुफी चहा घेऊन आली. पिशवीकडे बघितलं, माझ्या तोंडाकडे बघितलं.

“पिशवी जड दिसतीया.”

“पाण्याची बाटली आहे.”

“व्हय. तसंच असंल,” फुफी म्हणाली. तो चहा गोड होता. शेळीच्या दुधाचा होता, आणि नऊ वर्षांत पहिल्यांदा आदळलेला नव्हता.

घरी येऊन मी मिस्टरांना सगळं सांगितलं. त्यांनी तोंडातल्या टाचण्या काढल्या. “तुला ठाऊक नव्हतं? अगं, अख्ख्या माल्याला ठाऊक आहे. फुफी दूध आणायला निघाली की लोक विळा घेऊन येतात.”

“मग मला सांगितलं का नाही तुम्ही?”

“मला वाटलं, तुला चोरी जमत नाही आणि तू ते कबूल करत नाहीस. म्हटलं, कशाला दुखवा.”

पंधरा जूनच्या आत काड्यांना मुळं फुटणार नव्हती, हे मला कळत होतं. म्हणून मी मंजिरी मॅडमना न रुजलेल्या काड्याच नेऊन दाखवल्या आणि चाळीस घरांसमोर उभं राहून माझी चूक सांगितली, फूल उलटं करून, नर कुठला आणि मादी कुठली ते दाखवून. चोरीचा भागही सांगितला. तो त्यांना सगळ्यात आवडला. मग ज्याने त्याने आपापली काडी आपल्या कुंडीत लावली. प्लॅस्टिकवाल्याला पावसाळाभर थांबायला सांगितलं. खवचट आजोबांनी बजावलं, “ताई, सप्टेंबरपर्यंत मुदत. नाहीतर प्लॅस्टिक.” तीन काड्या मेल्या. तिघांनाही मी बदलून दिल्या. दिल्या म्हणजे वाफ्याजवळ ठेवल्या आणि पाठ फिरवली.

सप्टेंबरात पहिलं तोंडलं त्याच आजोबांच्या ग्रिलवर आलं. त्यांनी ते कापलं नाही, आठ दिवस लोकांना दाखवलं. शेवटी ते पिकून लाल झालं आणि पोपटाने नेलं. मी नुसती बघत राहिले. एकेका ग्रिलमधून हिरवी बोटं खाली लोंबत होती, आणि डोंगराकडून पावसाची भुरभूर येत होती.

आता तो वेल माझ्याही मांडवावर आहे. तोंडलीची काडी मी विकत नाही. फुफीचा वेल आहे, त्याला फुफीचाच नियम. कुणी मागितली, की म्हणते, “काडी नाही देत मी. बसा, चहा टाकते, दूध आणावं लागेल.” सिकेटर लहान, तो कुंड्यांत दिसत नाही. म्हणून गेल्या महिन्यात मिस्टरांच्या दुकानात जाऊन हिंमत करून विचारलं, “तुमची मोठी कात्री दुपारपुरती कट्ट्यावर ठेवू का? लांबून दिसते.”

त्यांनी पात्यावरून एकदा बोट फिरवलं. मग म्हणाले, “ने. पण पुसून दे.”

त्याच दुपारी एक बाई आल्या. पिरंगुटच्या शाळेत शिकवतात, अतिशय गोड बोलणं. त्यांनी काडी मागितली, मी नाही म्हटलं, त्यांना मांडवाखाली बसवलं आणि आत गेले. चांगला अर्धा तास लावला. बाहेरून कात्रीचा आवाज येईल म्हणून कान लावून बसले होते. दूध दोनदा उतू गेलं.

शेवटी दारात पावलं वाजली. बाई उभ्या होत्या, कात्री दोन्ही हातांत अलगद धरून, मूठ माझ्याकडे करून.

“ताई, तुमची कात्री बाहेर राहिली होती,” त्या म्हणाल्या. “कुणी नेली असती.”

मी कात्री घेतली. त्यांना म्हटलं, बसा. आणि दुसऱ्यांदा चहा टाकला.